नळाचा न

गुरुजींनी विचारलं होतं, नळाचा न की बाणाचा ण?
तिच्या बापाला मराठीतलं दात सोडून फारसं कळत नव्हतं.
तो म्हणाला, हो.
म्हणून तान शुएलान
रजिस्टरात शैला ताण झाली,
आणि पुढं प्रत्येक कचेरीत
एक तरी बाबू त्यावर हसला.

आमचा वर्ग एकच. दहीपुलाजवळच्या दवाखान्यात
तिच्या बापानं माझा दुधाचा दात काढला, उधारीवर.
दिवाळी झाल्यावर वडलांनी दीड रुपया देऊन पाठवलं
तर दाराला सील.
बासष्ट साल.
काचेच्या कपाटातली कवळी
रस्त्याकडे बघून हसत होती.
तो दीड रुपया मी खर्चला. चिवड्यावर.

चौथ्या वर्षी राजस्थानातल्या छावणीतून ती परत आली
तेव्हा तिला हिंदी येत होतं, वाळूतून खडे निवडता येत होते.
आई तिथंच राहिली, एका नंबराखाली.

मी प्रेसला लागलो, नाशिकरोडला.
पासपोर्टच्या कोऱ्या वह्या मोजायचो.
अंगठ्याला ग्लिसरीन,
सुटताना गेटवर झडती.
ती रविवार कारंजावर टायपिंग शिकली
आणि अर्ज लिहायला बसली.
सोळा घरं. तीन दातवाले, बाकी चपला, पार्लर, एक सॉसवाला.
देवळालीला लग्नाला जायचं तरी पोलिसांची चिठ्ठी.
कोर्ट फीचा स्टँप जिभेवरून फिरवताना
मला म्हणायची,
हापण तुमच्याकडचाच का रे? गोंद बरा वापरा जरा.

म्हातारा लियांग गेला तेव्हा पुरायला जागा नव्हती.
ती म्युनिसिपालटीच्या पायरीवर बसली,
थर्मास, छत्री, आणि नकाशाची निळी प्रत.
तिसऱ्या दिवशी साहेबांनी चहा पाठवला.
तिनं थर्मास दाखवला.
पाचव्या दिवशी जागा मिळाली.
लियांग तोवर बर्फात.

भाद्रपदाच्या पुनवेला सगळे तिच्या गच्चीवर.
खवा, तीळ, गूळ भरलेल्या गोल पोळ्या,
साचा बापाचा, प्लास्टरचा, कवळीच्या हत्यारांनी कोरलेला.
तुमच्या कोजागरीच्या महिनाभर आधीच
आम्ही चंद्र उष्टा करतो, म्हणायची.
त्या भाषेतलं तिला
आकडे, शिव्या आणि आजीचं झोपवणं, एवढंच येतं.
पोरांना तेही नाही. दोघं टोरांटोला.

एका हिवाळ्यात स्वेटर विकणारी यांगझोम आली,
दारातच थबकली.
तुमच्या लोकांनी आमचं गाव घेतलं.
शैला चष्म्यावरून बघत राहिली बराच वेळ.
मग म्हणाली, माझ्या बापाचा दवाखानाही कुणाच्या तरी लोकांनी घेतला.
बस. नाव सांग. अक्षर अक्षर सांग, घाई नको.

कोरोनात भाजीबाजारात कुणीतरी तिच्याकडे बोट करून
रोगाचं नाव घेतलं.
तिनं त्याच्या सात पिढ्यांची चौकशी केली,
अस्सल भद्रकालीच्या मराठीत,
आणि मेथीच्या दोन जुड्या घासाघीस करून घेतल्या.
घरी आल्यावर मात्र भाजी निवडली नाही.
तशीच वाळली ती, पेपरवर.

एकाहत्तराव्या वर्षी पासपोर्ट आला.
मला दाखवायला आणला.
माझ्या अंगठ्यानं सवयीनं पानं मोजली.
छत्तीस. सगळी कोरी.
पहिल्या पानावर शैला ताण.
कुठं जाणार? विचारलं.
छावणीत, म्हणाली. आईकडे.
मग एकदम, अरे, पण तिकडे जायला पासपोर्ट कुठं लागतो!
आणि हसली, काचेच्या कपाटातल्यासारखी,
सगळे दात दाखवून. त्यातले चारच तिचे.

आता तिनं एक कागद चढवलाय मशीनवर.
नावात दुरुस्ती. अर्जदार स्वतः.
पन्नास वर्षं नम्र विनंती, नम्र निवेदन
टाइप करून करून
न ची कळ झिजलीय, खाली गेली की वर येत नाही.
ती नखानं उचलते,
पुन्हा मारते.